‘रायफल उघडू नका, तेल सोडून ठेवा’: हा मेसेज पुढे पाठवण्याआधी एवढं वाचा

पावसाळ्यापासून आमच्या माजी सैनिकांच्या ग्रुपवर एक मेसेज फिरतोय. आधी शिरोळकडच्या मित्राने पाठवला, मग कागलहून आला, आणि परवा पुतण्याने फोन करून विचारलं, "काका, हे खरं काय ओ?" त्याच्याकडे परवान्याची पॉइंट टू टू (.२२ इंच नळीची) सेमी-ऑटोमॅटिक, म्हणजे पुढची गोळी स्वतः भरणारी, रायफल आहे, म्हणून त्याचा प्रश्न माझ्या जिवाला लागला.

मेसेजचा मजकूर थोडक्यात असा: "रायफल सारखी उघडल्यानेच बिघडते. आजकालची दारू स्वच्छ जळते, पुढची गोळी मागची घाण घेऊन जाते. मॅगझिन काढून रायफल रिकामी करा. फायरिंगनंतर तोंडाकडून सळई फिरवून नळीत उकळतं पाणी ओता. आतल्या भागांना सढळ हाताने खोबरेल लावा आणि कव्हरमध्ये घालून ठेवा. वर्षातून एकदा स्क्रूसकट सगळी खोलून धुवा."

मी पायदळात होतो, त्यातली बरीच वर्षं कोतमध्ये, म्हणजे शस्त्रागारात, गेली. शेकड्याने एसएलआर (लष्करातल्या जुन्या सेल्फ-लोडिंग रायफली) या हातांनी खोलल्या आणि जोडल्या. त्या अनुभवावरून सांगतो, या मेसेजमधली दोन-तीन वाक्यं अर्धवट खरी आहेत आणि म्हणूनच लोक फसतात. एक वाक्य मात्र जीवघेणं आहे. सुरुवात त्याच्यापासूनच करतो.

"मॅगझिन काढून रायफल रिकामी करा." मॅगझिन, म्हणजे गोळ्यांची पेटी, काढलं म्हणजे फक्त तेवढंच वेगळं झालं. सेमी-ऑटोमॅटिक रायफलमध्ये एक गोळी सुटली की बोल्ट (नळी मागून बंद करणारा सरकता भाग) मागे जाऊन रिकामं काडतूस बाहेर फेकतो आणि परत येताना मॅगझिनमधला पुढचा राऊंड, म्हणजे भरलेलं काडतूस, ढकलून चेंबरमध्ये, म्हणजे नळीच्या मागच्या टोकात, बसवतो. म्हणजे फायरिंग मध्येच थांबवलं तर चेंबरमध्ये एक जिवंत राऊंड असतोच. मॅगझिन हातात आलं तरी तो तिथेच राहतो. म्हणून क्रम असा: रायफलचं तोंड सुरक्षित दिशेला, बोट ट्रिगरपासून लांब, सेफ्टी लावलेली, आधी मॅगझिन बाहेर, मग बोल्ट पूर्ण मागे ओढायचा, आतला राऊंड बाहेर पडू द्यायचा, बोल्ट मागेच अडकवायचा आणि चेंबरमध्ये डोळ्यांनी बघायचं. काही रायफलींमध्ये सेफ्टी लावलेली असताना बोल्ट मागे येत नाही. तिथे सेफ्टी काढावी लागते, आणि तेव्हा दिशा आणि बोट या दोन गोष्टींवर दुप्पट लक्ष. अंधार असेल तर करंगळी घालून बघायचं. हा क्रम उलटा केला, म्हणजे मॅगझिन लावलेलं असताना बोल्ट ओढला, तर एक राऊंड बाहेर पडतो आणि दुसरा आत जाऊन बसतो. बघणाऱ्याला मात्र वाटतं, गोळी तर बाहेर आली, रायफल रिकामी झाली. आमच्याकडे ‘जाँच शस्त्र’, म्हणजे शस्त्र रिकामं असल्याची तपासणी, रोज करून घ्यायचे ते उगाच नाही. चेंबर स्वतःच्या डोळ्यांनी बघितल्याशिवाय आमचा उस्ताद चिंदीला (नळी पुसायच्या कापडाच्या तुकड्याला) हात लावू द्यायचा नाही. आणि सफाईच्या खोलीत राऊंड ठेवायचेच नाहीत. ते दुसऱ्या खोलीत, कुलपात.

"पुढची गोळी मागची घाण घेऊन जाते." ही समजूत नवी नाही. अमेरिकेने व्हिएतनाममध्ये तिची फार मोठी किंमत मोजली. १९६० च्या दशकात एम-१६ रायफल सैन्यात आली तेव्हा तिला सफाई फारशी लागत नाही अशी ख्याती पसरली होती. जवानांना पुरेसं सफाईचं सामान आणि शिक्षण मिळालं नाही. त्यात काडतुसातली दारू बदलली. नव्या दारूने रायफलचा गोळ्या झाडण्याचा वेग वाढला आणि आत घाण जास्त साठू लागली. चेंबरला क्रोमचा थर नव्हता, हवा दमट, चेंबर गंजून खडबडीत झालं आणि ऐन लढाईत रिकामी काडतुसं आत अडकू लागली. १९६७ मध्ये तिथल्या संसदेच्या उपसमितीने याची चौकशी केली. पुढे चेंबरला क्रोम आलं, सफाईचं सामान आलं, आणि जवानांना सफाई चित्रांतून समजावणारी पुस्तिकाही निघाली. ती रायफल आपोआपसुद्धा चालायची, आपल्या घरातल्या रायफली तशा नसतात. पण गॅस मागे येतो आणि घाण यंत्रात बसते ही गोष्ट दोन्हीकडे सारखीच.

कारण साधं आहे. गोळी नळीतून पुढे जाते, पण रायफल पुन्हा भरायचं काम मागे येणारी ताकद करते. एसएलआरमध्ये नळीवरच्या छिद्रातून थोडा गॅस वर जातो आणि पिस्टनला मागे ढकलतो. त्या गॅसबरोबर आलेली काजळी पिस्टन, सिलिंडर आणि गॅस प्लगवर बसते. ती वाढली की बोल्टला पूर्ण मागे जायला ताकद कमी पडते. मग काडतूस अर्धवट बाहेर येऊन अडकतं नाहीतर पुढचा राऊंड उचललाच जात नाही. पॉइंट टू टू मध्ये तर पिस्टनसुद्धा नसतो. मागे येणाऱ्या रिकाम्या काडतुसाच्या धक्क्यानेच बोल्ट मागे जातो आणि चेंबर उघडताना धूर, न जळलेले दाणे आणि गोळीवरचं मेण थेट बोल्टच्या घरात येतं.

पुतण्याला घरी बोलावून त्याची रायफल उघडली. बोल्टचा पुढचा चेहरा आणि काडतूस ओढणारा आकडा, त्या दोन्हींच्या मधल्या खाचेत उदबत्तीच्या काडीने हलकेच खरवडलं. काळपट, मेणचट, दाबलेल्या पेन्सिलीच्या भुकटीसारखा लगदा निघाला. आकड्याखाली तो इतका घट्ट बसला होता की आकडा पूर्ण बंद होत नव्हता. "काडतूस कधीकधी बाहेर पडत नाही" अशी त्याची महिन्याभराची तक्रार होती. कंपनीची चूक असेल असं त्याला वाटत होतं. दातांच्या जुन्या ब्रशने दहा मिनिटं घासलं आणि तक्रार मिटली.

इथे कुणी म्हणेल की नेमबाज तर नळी रोज घासत नाहीत. बरोबर आहे, आणि आपल्या कोल्हापूरकरांना हे जास्त माहीत आहे. तेजस्विनी सावंतने २०१० मध्ये म्युनिकला ५० मीटर प्रोनमध्ये जागतिक सुवर्ण जिंकलं, राधानगरी तालुक्यातल्या कांबळवाडीच्या स्वप्नील कुसाळेने २०२४ मध्ये पॅरिसला ५० मीटर थ्री पोझिशन्समध्ये ऑलिंपिक कांस्य आणलं. हे प्रकार पॉइंट टू टू चेच. त्या रायफलींत शिशाची, मेण लावलेली, तुलनेने हळू जाणारी गोळी असते आणि नळी सतत घासली तर नेम पुन्हा जमायला काही गोळ्या घालवाव्या लागतात. पण ती एकेक राऊंड हाताने भरायची रायफल असते. बोल्ट हाताने फिरतो, त्याला घाणीशी झुंज देत स्वतः चालायचं नसतं. आणि नळी सोडली तरी चेंबर आणि बोल्ट ते साफ करतातच. तेव्हा नळी कमी घासा, हे घेण्यासारखं आहे. बोल्ट उघडूच नका, हे नाही.

"उकळतं पाणी ओतलं की झालं." हे कुणाच्या तरी आजोबांकडून आलेलं असणार, आणि आजोबा खोटं बोलत नव्हते. थ्री नॉट थ्री च्या जमान्यात काडतुसाच्या टोपीत, म्हणजे दारू पेटवणाऱ्या बुडाच्या भागात, पोटॅशियम क्लोरेट असायचं. ते जळल्यावर पोटॅशियम क्लोराईड उरतं. आपल्या मिठाचंच भावंड. ते हवेतला ओलावा ओढतं आणि नळी आतून खातं. मीठ तेलात विरघळत नाही, पाण्यात विरघळतं. म्हणून फनेल लावून उकळतं पाणी ओतायचे. तापलेली नळी लगेच सुकायची आणि मग तेल. ज्यांनी जुन्या एनसीसीत थ्री नॉट थ्री चालवली त्यांना तो फनेल आठवत असेल. आजच्या काडतुसांत लेड स्टिफ्नेटची टोपी असते, त्यातून असं मीठ उरत नाही. मग उकळत्या पाण्याचं काम काय? उलट सेमी-ऑटोमॅटिकमध्ये ते पाणी ट्रिगरच्या भागात, स्प्रिंगच्या कुशीत आणि दस्त्याच्या लाकडात शिरतं, जिथून ते कापडाने पुसून काढता येत नाही. आठवड्यात स्प्रिंग तांबूस दिसायला लागते.

खोबरेलाबद्दल फार बोलायची गरज पडू नये. डिसेंबरच्या सकाळी आपल्या न्हाणीघरातल्या बाटलीतलं खोबरेल पांढरं गोठलेलं असतं की नाही? चोवीस अंशांच्या आसपास ते थिजतं. तेच बोल्टच्या खाचेत थिजलं तर बोल्ट रांगतो. इतर खाद्यतेलांचं दुखणं वेगळं: ती हवेत राहून चिकट होतात. शेगडीमागच्या भिंतीवर हात लावून बघा, तोच थर. शस्त्राचं तेल घ्या, आणि तेही बोटाला चमक येईल इतकंच. जिथे धातूवर धातू घासतो, बोल्टच्या कडा आणि तो ज्या खाचेतून सरकतो ती खाच, तिथे एक थेंब पसरवायचा. एसएलआरचा पिस्टन, सिलिंडर आणि गॅस प्लग आम्ही कोरडेच ठेवायचो. तिथलं तेल जळून काजळीच होते, म्हणजे तुम्ही घाण स्वतःच्या हाताने घालता. चेंबरमध्ये तेल राहिलं तर ते काडतुसाच्या टोपीपर्यंत झिरपून राऊंड फुसका निघू शकतो. नळीत तेलाचा हात ठेवून रायफल ठेवली असेल तर फायरिंगआधी कोरडी चिंदी ओढलीच पाहिजे, नाहीतर पहिली गोळी भलतीकडे जाते.

आता सळई. नळीचं तोंड, म्हणजे गोळी जिथून शेवटची सुटते ती कड, रायफलचा सगळ्यात नाजूक भाग. तोंडाकडून लोखंडी सळई घालून घासली की ती त्या कडेला घासत जाते, आणि एका बाजूने झिजलेली कड गोळीला एका बाजूने ढकलते. शिवाय सगळी घाण चेंबरमध्ये जाऊन पडते. एसएलआर दुनळी बंदुकीसारखी मध्ये वाकून उघडते, त्यामुळे चेंबरकडून पुल थ्रू (चिंदी अडकवून ओढायची दोरी) टाकून तोंडाकडून सरळ ओढायचा. चिंदीचं मापही ठरलेलं, सफाईला ४ इंच बाय २ इंच, तेलाला ४ बाय दीड. मोठी चिंदी घातली तर मध्ये अडकते, आणि अडकलेली चिंदी विसरून गोळी झाडली तर नळी फुगते. बऱ्याच पॉइंट टू टू सेमी-ऑटोमॅटिकचं घर मागून बंद असतं, चेंबरकडून सळई जातच नाही. त्यांना दोरीचा पुल थ्रू उत्तम. सळई वापरायचीच तर प्लॅस्टिकचं आवरण असलेली, आणि तोंडावर गार्ड बसवून.

"वर्षातून एकदा स्क्रूसकट सगळी खोला." ज्या मेसेजची सुरुवात ‘उघडू नका’ अशी, त्याच्या शेवटी हे! नेहमीच्या सफाईला जेवढं खोलायचं ते त्या रायफलच्या पुस्तिकेत दिलेलं असतं: मॅगझिन, बोल्ट, त्याची स्प्रिंग, असल्यास पिस्टन. तिथे थांबायचं. ट्रिगरचा भाग पिना काढून सुटा करणं हे आर्मररचं, म्हणजे शस्त्रं दुरुस्त करणाऱ्या कारागिराचं, काम. तिथली एक झिजलेली कड किंवा चुकीची बसवलेली स्प्रिंग, आणि दस्ता जमिनीवर आपटला तरी गोळी सुटू शकते. अशी शंका आली तर परवानाधारक दुरुस्तीवाल्याकडे जा. स्प्रिंग काढताना चेहरा बाजूला ठेवा आणि खाली पांढरं धोतर किंवा जुनी चादर अंथरा, उडालेला तुकडा सापडतो. जोडून झाल्यावर रिकाम्या रायफलची सेफ्टी तपासा. पॉइंट टू टू असेल तर चेंबरमध्ये वापरलेलं काडतूस घालूनच ट्रिगर दाबा, कारण फायरिंग पिन चेंबरच्या कडेवर आपटून खड्डा पाडू शकते.

कव्हरचं सांगतो आणि थांबतो. २०१९ च्या ऑगस्टमधल्या पुरानंतर एका गावातून एक दुनळी माझ्याकडे आली होती. घरात पाणी शिरलं, घरच्यांनी बंदूक उन्हात वाळवली, वरून भरपूर तेल लावलं आणि फोमच्या कव्हरमध्ये घालून माळ्यावर ठेवली. बाहेरून चकचकीत. आत पंचगंगेचा गाळ तेलात कालवून बसलेला आणि नळीत खड्डे. पाण्यात भिजलेलं शस्त्र आधी गोड्या पाण्याने गाळ काढून, पूर्ण कोरडं करून, मगच तेल. आणि कव्हर फक्त प्रवासाला. घरात कोरड्या, कुलूपबंद कपाटात उभं. निवडणुकीच्या वेळी शस्त्र पोलीस ठाण्यात जमा करताना सुद्धा आधी साफ करून हलका तेलाचा हात द्या, आणि परत मिळालं की त्याच दिवशी उघडून बघा. आमच्या भागात जून ते सप्टेंबर मी दर पंधरा दिवसांनी बघतो, फायरिंग झालेलं असो वा नसो.

पुतण्याने त्या दिवशी शेवटची चिंदी ओढली तेव्हा ती जवळजवळ पांढरी आली. त्याने ती घडी घालून रायफलच्या कपाटात ठेवलीय, पुढच्या वेळी ताडून बघायला. मेसेज पाठवणारा शिरोळचा मित्र रविवारी त्याची रायफल घेऊन येतोय. त्याला सांगितलंय, मॅगझिन वेगळं, राऊंड घरी, बोल्ट मागे.