तुझी नदी कोणती?

शाळेच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर परवा पुन्हा आरे, मुंबईत गोरेगावजवळचं ते जंगल, निघालं. "दगडाला वाघोबा म्हणणाऱ्यांचं ऐकत बसलो असतो तर मेट्रो झालीच नसती," असं एकानं टाकलं. त्यावर अकरा अंगठे. ऑक्टोबर २०१९ मध्ये मेट्रोच्या कारशेडसाठी रातोरात २,००० च्या वर झाडं पडली, मेट्रो धावायलाही लागली, तरी यांचा राग अजून तिथल्या पाड्यांवरच्या, वाघोबाला देव मानणाऱ्या वारली आदिवासींवरच.

मी न्यूझीलंडातल्या वेलिंग्टनहून लांबलचक उत्तर ठोकलं. व्हांगानुई नदीकाठच्या माओरींचं, म्हणजे इथल्या मूळ रहिवाशांचं, म्हणणं पिढ्यान्‌पिढ्या एकच : मी म्हणजे नदी, नदी म्हणजे मी. शंभराहून जास्त वर्षं ते भांडले आणि मार्च २०१७ मध्ये इथल्या संसदेनं कायदा करून नदीला व्यक्ती मानलं. तिच्या वतीनं बोलायला दोघं, एक सरकारचा, एक इवींचा, म्हणजे माओरी जमातींचा. त्याच महिन्यात उत्तराखंड उच्च न्यायालयानं गंगा-यमुनेलाही व्यक्ती ठरवलं होतं. जुलैत सर्वोच्च न्यायालयानं स्थगिती दिली. हे सगळं जरा चढ्या आवाजातच लिहिलं. व्हांगानुईच्या उगमाकडचं पाणी विजेसाठी आजही दुसरीकडे वळवतात, हे नाही लिहिलं.

"तिकडे बसून शिकवू नकोस," असं उत्तर आलं. झोंबलं. मग मी मेंढा (लेखा) काढलं. गडचिरोलीतल्या त्या गोंड गावानं २००९ मध्ये जंगलावरचा सामूहिक हक्क मिळवला, ते काय न्यूझीलंडात आहे? त्यावर सगळे गप्प. (झोपलेही असतील, तिकडे मध्यरात्र होती.)

मला मात्र इथल्या नोकरीचा पहिला दिवस आठवत राहिला. पोफिरीत, म्हणजे माओरी पद्धतीच्या स्वागतात, पेपेहा म्हणजे आपली ओळख सांगायची माझी पाळी आली. आधी डोंगर, मग नदी, आपलं नाव अगदी शेवटी. मी सांगून मोकळा झालो : सह्याद्री, गोदावरी. नंतर चहाच्या वेळी एका माओरी बाईंनी सहज विचारलं, "नदी घरापासून किती लांब?"

नाशिक आजोबांचं. मी वाढलो गोरेगावात. आमच्या बिल्डिंगमागून ओशिवरा वाहायची, आरेतूनच येते ती नदी. आम्ही तिला नाला म्हणायचो. चेंडू त्यात गेला की गेला, उतरायचं कोणी नाही. पावसाळ्यात पाड्यावरची एक बाई शेवळं, टाकळा घेऊन स्टेशनबाहेर बसायची. आई दोन-दोन रुपयांसाठी तिच्याशी घासाघीस करायची, मी पिशवी धरून उभा. तिचा पाडा कुठला, कधी विचारलं नाही. तो वाघोबाचा दगडही मी पाहिलेला नाही.

पुढच्या महिन्यात नवीन नोकरी, नवीन पोफिरी. डोंगर सह्याद्रीच सांगेन. नदीपाशी अडलोय.