कॅडबरी अमिताभमुळे वाचली?

मार्केटिंगच्या व्याख्यानांत आणि व्हॉट्सॲपवर एक गोष्ट सारखी फिरते. २००३ मध्ये कॅडबरीच्या चॉकलेटमध्ये अळ्या सापडल्या, अमिताभ बच्चन टीव्हीवर आले, लोकांचा विश्वास परत बसला. तात्पर्य काय, तर बोलणारा वजनदार असला की ग्राहकाशी तुटलेलं नातं जुळतं. हे तात्पर्य साफ चुकीचं आहे. लहान उद्योजक ते खरं मानून माल सुधारायचा पैसा जाहिरातीत घालतात, म्हणून हे लिहितो आहे.

आधी क्रम बघा. तक्रारी मुंबईतून आल्या त्या ऑक्टोबर २००३ मध्ये, ऐन दिवाळीच्या तोंडावर. राज्याच्या अन्न व औषध प्रशासनानं पुण्याच्या कारखान्यातला माल जप्त केला. अमिताभ आले ते पुढच्या वर्षी, २००४ मध्ये. मधले काही आठवडे कंपनीनं टीव्हीवरच्या जाहिरातीच बंद ठेवल्या होत्या. त्या काळात काम चाललं होतं वेष्टनावर. नुसत्या गुंडाळलेल्या फॉइलच्या जागी उष्णतेनं सीलबंद केलेलं फॉइल आलं, त्यावर आणखी एक आवरण. यंत्रांवर सुमारे १५ कोटी रुपये गेले आणि चॉकलेटची किंमत मात्र वाढवली नाही. अमिताभना सांगण्यासारखं काही होतं ते यामुळे.

दुसरी गोष्ट दुकानदारांची, आणि माझ्या मते सगळ्यात महत्त्वाची. कंपनीचं पहिलं म्हणणं होतं की माल कारखान्यातून चांगलाच निघतो, दुकानात नीट ठेवला जात नाही. यात तथ्य असेलही. धान्याच्या पोत्यांशेजारी ठेवलेल्या चॉकलेटला कीड लागू शकते. पण मग वेष्टन इतकं कच्चं का, हा प्रशासनाचा सवाल रास्त होता. शिवाय दोष कुणावर ढकलला? ज्याला गल्लीतलं गिऱ्हाईक विचारतं, ‘काका, हे घेऊ ना?’ त्याच्यावर. त्या काकांनी मान हलवली नाही, तर टीव्हीवर कुणीही येवो, बरणीतलं चॉकलेट बरणीतच राहणार. हे उमगल्यावरच ‘विश्वास’ नावाची मोहीम निघाली. सुमारे १ लाख ९० हजार दुकानदारांपर्यंत जाऊन माल कसा ठेवायचा हे दाखवलं गेलं, साठवणूक तपासली गेली. खरा संवाद हा होता, आणि फिरणाऱ्या गोष्टीतून नेमका हाच गळतो.

‘लोक विसरतातच’ असंही म्हणतात. मग मॅगीचं बघा. नूडल्समध्ये शिसं मर्यादेपेक्षा जास्त असल्याचं सांगत जून २०१५ मध्ये बंदी आली. ऑगस्टमध्ये मुंबई उच्च न्यायालयानं ती रद्द केली, पण मोहाली, हैदराबाद आणि जयपूरच्या प्रयोगशाळांत नव्यानं तपासणी करायला लावली. नमुने पास झाल्यावर नोव्हेंबरमध्ये पाकिटं दुकानात परतली. लोकांना मॅगी आठवत होती, शिसंही आठवत होतं. म्हणूनच तपासणीचा निकाल हातात आल्याशिवाय परत येण्यात कंपनीला काही अर्थ नव्हता.