मुल्कोवालवर अजून लिहायला हवं होतं
प्लेगची लस बनवणाऱ्या हाफकिन या शास्त्रज्ञावरचा तुमचा लेख आवडला, पण पंजाबातल्या मुल्कोवाल गावचं, लस टोचल्यावर माणसं दगावल्याचं प्रकरण एका ओळीत उरकलंत ते खटकलं. ह्या माणसाने मुंबईत ग्रँट मेडिकल कॉलेजच्या एवढ्याशा खोलीत तीन महिन्यांत प्लेगची लस तयार केली, १० जानेवारी १८९७ ला आधी स्वतःला टोचून घेतली, ताप आला, दुखलं, सगळं सोसलं आणि मग भायखळ्याच्या जेलमधल्या कैद्यांना दिली. आणि १९०२ मध्ये मुल्कोवालला लसीच्या एका बाटलीमुळे १९ जण धनुर्वाताने गेले तर सगळं खापर ह्यांच्यावर! बाटली उघडताना चिमटा जमिनीवर पडला आणि नीट निर्जंतुक न करताच वापरला, हे नंतर पुढे आलं. निर्दोष ठरायला १९०७ उजाडलं, पाच वर्षं हो. फार वाईट वाटतं वाचून.

आम्ही कसबा पेठेतले. आजी सांगायची, तिच्या सासूबाई प्लेगात घराला कुलूप लावून गावाबाहेर झोपडीत राहिल्या होत्या, चूल, जातं सगळं बरोबर नेलेलं. त्याच १८९७ च्या मार्चमध्ये आपल्या सावित्रीबाई रोग्यांची सेवा करताना प्लेगनेच गेल्या. लस तेव्हा मुंबईत तयार होती, दोनच महिने झाले होते, हे डोक्यातून जातच नाही.