काका, ती क्लिप पुन्हा बघा
आज सकाळी आमच्या फॅमिली ग्रुपवर जपानी कलाकार योको ओनोच्या 'कट पीस' ह्या स्टेजवरच्या प्रयोगाची क्लिप आली. खाली हसण्याचे इमोजी. काकांनी लिहिलं, "रिकामटेकडी बाई. याला कला म्हणायचं?" दिवसभर डोकं तापलंय.

क्लिप १९६५ची, न्यूयॉर्कमधली. आदल्या वर्षी क्योटो आणि टोकियोत तिनं हेच केलं होतं. अंगावर चांगल्यातले कपडे, पाय मुडपून स्टेजवर बसलेली, पुढ्यात कात्री. एकेकानं यायचं, कपड्याचा तुकडा कापायचा, घेऊन जायचं. ती बोलत नाही. लोक आधी बिचकत इवलासा तुकडा कापतात. मग एक तरुण येतो आणि थांबतच नाही. ब्राच्या पट्ट्यासुद्धा कापतो! ती दोन्ही हातांनी छाती झाकते. ह्यात हसण्यासारखं काय आहे, सांगा ना कुणीतरी!

मी आठवीत होते. आई दवाखान्यात, बाबांना दोन वेण्या जमेनात, म्हणून एकच घालून गेले. प्रार्थनेनंतर बाईंनी पुढे बोलावलं. कानामागे कात्री वाजली, कर्रर्र. केस जाड होते, दोनदा चालवावी लागली. अख्खी शाळा हसली. मी हलले नाही. का हलले नाही, हे आजतागायत कुणाला समजावता आलेलं नाही. त्या क्लिपमधल्या बाईला बघितलं आणि पहिल्यांदा वाटलं, हिला सांगावं लागणार नाही.

ओनोनं कात्री स्वतःहून पुढ्यात ठेवली होती, माझं तसं नव्हतं. मान्य. पण कापणारे हात आणि हसणारी तोंडं तीच की! समोरचा गप्प बसलाय म्हटल्यावर माणूस कुठवर जातो, एवढंच तिनं दाखवलंय. त्यासाठी स्वतःचं अंग पणाला लावलंय. सगळ्यांना आवडावं असा हट्ट नाही माझा. पण हसू नका.

२००३ मध्ये, सत्तरीत, तिनं पॅरिसमध्ये पुन्हा हेच केलं. कापलेला तुकडा आपल्या माणसाला पाठवा म्हणाली. हे वाचलं आणि रडूच आलं.

कारण त्या संध्याकाळी केस सारखे करून आणायला मला सायकलवरून नेलं ते ह्याच काकांनी. मुठीत रिबिनीसकट वेणी होती. वाटेत एक शब्द बोलले नाहीत, फक्त चढावर उतरून सायकल हातानं ढकलत नेली, मला उतरू दिलं नाही.

म्हणून लागलं हो जास्त. काका, तुम्ही हे वाचाल. ती क्लिप पुन्हा बघा. शेवटपर्यंत, तिच्या चेहऱ्याकडे बघत.