फॉरवर्ड पास 1913 साली जन्मला नाही

अमेरिकन फुटबॉलच्या चाहत्यांत एक गोष्ट वर्षानुवर्षं सांगितली जाते. 1 नोव्हेंबर 1913 रोजी नोटर डेम या कुणाच्या खिजगणतीत नसलेल्या कॉलेजनं वेस्ट पॉइंटच्या लष्करी अकादमीच्या, म्हणजे आर्मीच्या संघाला 35-13 असं लोळवलं. नोटर डेमच्या गस डोराइस आणि नूट रॉकनी या दोन मित्रांनी त्यासाठी फॉरवर्ड पास, म्हणजे चेंडू पुढे फेकून झेलायची चाल, शोधून काढली होती आणि आर्मीनं तसलं काही पाहिलंच नव्हतं. यातला निकाल खरा आहे. बाकीच्यामुळे मात्र ज्यांनी हे आधी केलं त्यांची नावंच पुसली जातात, आणि ते मला पटत नाही.

पहिलं, शोधाचं. मैदानावर मुलं इतकी जखमी होत, दगावत होती की 1905 साली राष्ट्राध्यक्ष थिओडोर रूझवेल्ट यांनी हार्वर्ड, येल आणि प्रिन्स्टनच्या मंडळींना व्हाइट हाउसमध्ये बोलावून घेतलं. रेटारेटी कमी व्हावी म्हणून पुढच्याच वर्षी फॉरवर्ड पासला परवानगी मिळाली. सेंट लुई विद्यापीठाचे प्रशिक्षक एडी कॉकम्स मोसमाआधी आपल्या मुलांना विस्कॉन्सिनमधल्या लेक ब्यूला इथं घेऊन गेले आणि तिथं त्यांनी पासचा सराव करून घेतला. 5 सप्टेंबर 1906 रोजी कॅरल कॉलेजविरुद्ध ब्रॅडबरी रॉबिन्सननं पहिला अधिकृत पास फेकला. तो कुणाच्याच हाती लागला नाही आणि तेव्हाच्या नियमाप्रमाणे चेंडू थेट प्रतिस्पर्ध्याकडे गेला. तरी त्यानं पुन्हा फेकला. जॅक श्नायडरनं झेलला आणि टचडाउन झाला, म्हणजे चेंडू प्रतिस्पर्ध्याच्या टोकाच्या रेषेपार नेऊन गुण मिळाले. त्या मोसमात सेंट लुईनं अकराच्या अकरा सामने जिंकले. त्यांचे 407 गुण, विरोधकांचे सगळे मिळून 11! डोराइस आणि रॉकनीचा सामना यानंतर सात वर्षांनी झाला.

मग कार्लाइल. सरकारनं मूलनिवासी मुलांना घरादारापासून तोडून पेनसिल्व्हेनियातल्या या शाळेत आणून ठेवलं होतं. तिच्या संघानं 1907 साली पॉप वॉर्नर यांच्या हाताखाली फिलाडेल्फियात बलाढ्य पेन विद्यापीठाला 26-6 असं हरवलं. पीट हाउजरचे लांब पास त्या विजयाचा कणा होते. पेननं त्या मोसमात गमावलेला हा एकच सामना. या मुलांचं नाव वगळून पासचा इतिहास सांगणं हा माझ्या मते अन्यायच आहे.

‘मग इतरांनी पास का वापरला नाही?’ असं विचारलं जातं. कारण नियमच जाचक होते. हुकलेल्या पासची शिक्षा वर सांगितलीच. 1910 मध्ये तर पासवर वीस यार्डांची मर्यादा घातली गेली. ती 1912 मध्ये उठली, चेंडूही थोडा बारीक झाला. नोटर डेमनं ही मोकळीक ओळखली, हे त्यांचं खरं कर्तृत्व. 1913 च्या उन्हाळ्यात ओहायोच्या सीडर पॉइंटला कामाला असताना डोराइस आणि रॉकनी तळ्याकाठच्या वाळूत सराव करत, हेही खरं.

‘कुणाला ठाऊक नसलेलं कॉलेज’? पूर्वेकडच्या वर्तमानपत्रांपुरतं असेल. नोटर डेमनं 1909 साली मिशिगनला हरवलं होतं आणि 1912 चा मोसम सात विजयांसह निर्भेळ संपवला होता.

आता सामना. डोराइसनं 17 पैकी 14 पास अचूक टाकले आणि 243 यार्ड मिळवून दिले. त्या काळी हे थक्क करणारंच. पण मध्यंतराला फरक होता फक्त 14-13 असा. पासच्या भीतीनं आर्मीचा बचाव पसरला, तसा दणकट रे आयशेनलॉब मधून मुसंडी मारत राहिला. फेकणं आणि घुसणं दोन्ही मिळून तो विजय झाला. आर्मीही पासला अनोळखी नव्हती. महिनाही उलटला नाही तोच त्यांनी नौदल अकादमीच्या नेव्ही संघाला 22-9 असं हरवलं, आणि त्या दिवशी प्रिचर्डचे पास मेरिलॅट झेलत होता. त्या मोसमात आर्मीला हरवणारा संघ एकच, नोटर डेम.