म्हणे, मुदत नव्याने मिळते!

काल रात्री अकराला मामांनी एक फॉरवर्ड पाठवला आणि खाली विचारलं, "मग पेरण्या उरकून प्रांताकडे गेलो तर चालतंय ना?"

फॉरवर्डचं म्हणणं असं: हायकोर्टातली याचिका मागे घेतली म्हणजे केस हरलात, वकील फुटला समजा. पण घाबरू नका, दुसरीकडे अपिलाला मुदत नव्याने मिळते आणि जुना स्टे चालूच राहतो. एकाच दमात हरवलंही आणि वाचवलंही!

आधी मुदतीचं, कारण यात जमिनी जातात. मामांचं प्रकरण फेरफाराचं, म्हणजे जमिनीच्या नोंदीतल्या बदलाचं. मंडळ अधिकाऱ्याच्या आदेशावर प्रांताकडे, म्हणजे उपविभागीय अधिकाऱ्याकडे, अपील आहे, आधी तिकडे जा, असं हायकोर्टाने सांगितलं, म्हणून याचिका मागे घेतली. जमीन महसूल संहितेचं कलम २५० उघडा. कलेक्टरच्या खालच्या अधिकाऱ्याचा आदेश असेल तर अपिलाला ६० दिवस, आणि ते मूळ आदेश हातात पडल्यापासून मोजायचे. याचिका मागे घेतल्यापासून नव्हे. मामांचे ते केव्हाच सरले. आता अपिलासोबत विलंब माफीचा अर्ज लागणार. हायकोर्टात गेलेला काळ त्यात कारण म्हणून मांडता येतो, चुकीच्या दारात प्रामाणिकपणे घालवलेला वेळ म्हणून. पण तो मागावा लागतो, आपोआप मिळत नाही. आणि तिथून बाहेर पडल्यावर आधी पेरण्या, मग गणपती, मग दिवाळी असं केलंत तर त्या दिवसांचं कारण काय लिहिणार?

स्टे याचिकेबरोबरच जातो. काही आठवडे पुढे चालू ठेवा अशी विनंती करता येते. कोर्टाने मानली तर तसं आदेशात लिहिलेलं असतं. मामांच्या आदेशात नाही. सर्टिफाइड कॉपी मी स्वतः वाचली, जेमतेम सात ओळी आहेत.

"हरलात" यात अर्धं खरं आहे, ते नाइलाजाने मान्य करतो. पुन्हा येण्याची मुभा न मागता नुसतीच याचिका मागे घेतली, तर त्याच कारणासाठी हायकोर्टात पुन्हा रिट याचिका करता येत नाही. सुप्रीम कोर्टाचा १९८६चा सरगुजा ट्रान्सपोर्टचा निकाल आहे. पण दिवाणी दाव्यासारख्या इतर वाटा त्याने बंद होत नाहीत, हेही त्याच निकालात आहे. तिथवर कोण वाचतो? मामांच्या कॉपीत तर "लिबर्टी", म्हणजे मुभा, हा शब्द स्पष्ट आहे, पाचव्या ओळीत.

वकील फुटल्याचं म्हणाल तर, न्यायमूर्तींचा कल ओळखून याचिका फेटाळून घेण्याआधी मागे घेणं हे वकिलाचं रोजचं काम.

मामा, सोमवारी साडेदहाला तालुक्याला या. सातबारा, फेरफाराची नक्कल आणि ती सात ओळींची कॉपी घेऊन. पेरणीचं दादा बघेल.