शाळा बांधायचीच तर आधी खोलीचा नाद बघा

संगीत, वास्तुकला आणि स्वप्नं शिकवणाऱ्या एका काल्पनिक शाळेवरचा लेख वाचला. फार आवडला, पण संगीताचा वर्ग कसा बांधायचा ते त्यात राहिलं. 6×5×3 मीटरच्या, नुसत्या गिलाव्याच्या रिकाम्या खोलीत सेबिनच्या सूत्राने (खोलीचा आकार आणि भिंती किती आवाज शोषतात यावरून नाद किती वेळ टिकेल ते सांगणारं सूत्र) नाद जवळपास 4 सेकंद रेंगाळतो. तिथे द्रुत तानेची गिचमिड होणारच! अंड्यांचे ट्रे मात्र लावू नका. ते वरचेच सूर थोडे शोषतात, डग्गा घुमतच राहतो. ते घुमणं थांबवायला कोपऱ्यांत रॉकवूलचे (दगडापासून केलेल्या लोकरीसारख्या तंतूंचे) जाड थर हवेत. समोरासमोरच्या भिंतींपैकी एकीवर तरी चुणीदार जाड पडदा, भिंतीपासून 10-15 सेंटीमीटर सोडून. नाहीतर टाळीचा आवाज दोन भिंतींमध्ये आपटत फडफडतो.

स्वप्नांच्या तासाला उशाशी वही पुरे. जाग आल्यावर कूस न बदलता आधी आठवायचं, मग लिहायचं. पहाटे रेम झोपेचे (डोळे भराभर हलतात आणि ठळक स्वप्नं पडतात त्या झोपेचे) टप्पे लांबतात, त्यामुळे तेव्हाची स्वप्नं जास्त हाती लागतात.